पारास्केवी: शुक्रवार नावाची बाई

बार्सिलोना, ६ ऑगस्ट १९९२. बायकांच्या १०० मीटर हर्डल्सची फायनल. अमेरिकेची गेल डीव्हर्स पुढे आहे, चांगली पुढे आहे, गोल्ड तिचंच असं सगळ्यांनी धरून टाकलंय, आणि शेवटच्या हर्डलला तिचा पाय लागतो, ती कोलमडत कशीबशी लाईन गाठते आणि थेट पाचवी येते. तेवढ्यात बाजूने एक ग्रीक बाई १२.६४ सेकंदात निघून गेलेली असते आणि तिच्याकडे कुणाचं लक्षच नसतं. तिला स्वतःला पण आधी सिल्व्हर मिळालं असंच वाटलं होतं. ग्रीसला ॲथलेटिक्समध्ये ऑलिम्पिक गोल्ड मिळालं ते १९१२ नंतर एकदम तेव्हा, म्हणजे ८० वर्षांनी, आणि ग्रीक बाईला तर या खेळात पहिल्यांदाच.

रिझल्टच्या यादीत तिचं नाव पारास्केवी पातुलिदू असं लागलं. पुढे १९९९ मध्ये सेव्हिलला ट्रिपल जंपची वर्ल्ड चॅम्पियन झाली पारास्केवी त्सियामिता, परत तेच नाव. आजचा व्हिडिओ या नावावर.

पारास्केवी म्हणजे शुक्रवार. हो, वार, कॅलेंडरवरचा. ग्रीकमध्ये "शुक्रवारी भेटू" म्हणायचं तरी हाच शब्द आणि शेजारच्या काकूंचं नाव सांगायचं तरी हाच. आपल्याकडे पालघर-ठाण्याच्या आदिवासी पाड्यांवर सोमी, मंगळी, बुधी अशी नावं असतात, ज्या वारी पोर झालं तो वार. ग्रीसमधलं प्रकरण जरा वेगळं आहे, तिथे बुधवारी जन्मलेली मुलगी पण बिनधास्त पारास्केवी असते, का ते पुढे येईलच.

आधी त्यांचे वार बघू. सोमवारला ते म्हणतात देफ्तेरा, म्हणजे दुसरा. मग त्रिती तिसरा, तेतार्ती चौथा, पेम्प्ती पाचवा, एकदम सरकारी कारभार, नुसते नंबर. आता सहावा यायला पाहिजे ना? तो येत नाही, येते पारास्केवी, आणि या शब्दाचा मूळ अर्थ आहे तयारी. कसली तयारी, तर शनिवारची. ज्यू लोकांचा शनिवार म्हणजे शब्बाथ, त्या दिवशी काम बंद, चूल पेटवायची नाही, म्हणजे जे काय रांधायचं-झाकायचं ते शुक्रवारी सूर्य मावळायच्या आत उरकायचं. ग्रीक बोलणाऱ्या ज्यू लोकांनी या दिवसाला "तयारी" म्हणायला सुरुवात केली आणि तिथून तो शब्द बायबलमध्ये आला, मार्कच्या शुभवर्तमानात तर फोड करूनच सांगितलंय की पारास्केवी म्हणजे शब्बाथच्या आदला दिवस, आणि तो दिवस कुठला तर येशूला क्रुसावर दिलं तो. त्यामुळे गुड फ्रायडेला ग्रीक लोक म्हणतात मेगाली पारास्केवी, मोठा शुक्रवार, त्या संध्याकाळी गावोगाव फुलांनी सजवलेली येशूची तिरडी मिरवणुकीने निघते. इतका जड दिवस, आणि हाच शब्द आजही औषध तयार करणं या साध्या अर्थाने पण वापरतात.

आता मला यातला सगळ्यात आवडलेला भाग. ख्रिश्चन होण्याआधी, ग्रहांवरून वार मोजायची पद्धत आल्यावर, ग्रीक लोक शुक्रवारला अफ्रोदितीचा दिवस म्हणायचे. अफ्रोदिती म्हणजे रोमनांची व्हीनस, म्हणजे आपला शुक्र! ग्रहांच्या नावांचा हा सात वारांचा क्रम भारतात आला तोच मुळी ग्रीक-रोमन जगाकडून, म्हणजे आपल्या शुक्रवारात त्यांचा जुना ग्रह अजून बसलेला आहे आणि त्यांनी मात्र तो काढून टाकला. आणि सायप्रसमध्ये पाफोसजवळ येरोस्किपू नावाचं गाव आहे, नावाचा अर्थ पवित्र बाग, ही बाग अफ्रोदितीची. त्या गावात पाच घुमटांचं एक जुनं बायझंटाईन चर्च आहे. कुणाचं? आयिया पारास्केवीचं, म्हणजे संत पारास्केवीचं. योगायोग असेलही, पण मला तो ठरवून केल्यासारखा वाटतो.

या संत बाईची गोष्ट अशी सांगतात (आख्यायिका आहे, इतिहास म्हणून घेऊ नका). दुसऱ्या शतकात रोमजवळ अगाथोन आणि पोलितिया हे जोडपं होतं, मूलबाळ नव्हतं, खूप वर्षं प्रार्थना केल्यावर मुलगी झाली ती शुक्रवारी, म्हणून पारास्केवी. मोठी झाल्यावर आईवडलांची इस्टेट वाटून टाकली आणि धर्म सांगत गावोगाव फिरायला लागली. सम्राट अँटोनिनस पायसने तिला पकडून उकळतं तेल आणि डांबर भरलेल्या कढईत टाकलं तर हिला काहीच होईना. सम्राटाला शंका आली की हे गरम तरी आहे का, तो जवळ आला, हिने ओंजळभर उचलून त्याच्या तोंडावर मारलं आणि त्याचे डोळे गेले. मग तो गयावया करायला लागला आणि हिनेच प्रार्थना करून त्याची नजर परत आणली. पुढे दुसऱ्या एका अधिकाऱ्याने तिचा शिरच्छेद केला, पण डोळ्यांची संत ही ओळख पक्की झाली ती झालीच. चित्रांमध्ये तिच्या हातात ताट असतं आणि ताटात दोन डोळे, पहिल्यांदा बघणारा दचकतोच. डोळ्यांचा आजार असला की लोक तिला नवस बोलतात आणि पत्र्याचे नाहीतर चांदीचे छोटे डोळे आणून तिच्या तसबिरीपाशी टांगतात. थेसलीत तेम्पीच्या दरीत, पिनिओस नदीच्या काठी, तिचं चर्च आहे, झुलता पूल ओलांडून जायचं, तिथे झऱ्याचं पाणी लोक डोळ्यांना लावतात.

हे नाव ग्रीसच्या बाहेर गेलं तेव्हा गंमत झाली. स्लाव्ह लोकांनी नाव पण घेतलं आणि त्याचा अर्थ पण घेतला, म्हणून रशियात तिला म्हणतात परास्केवा प्यातनित्सा, म्हणजे शब्दशः शुक्रवार शुक्रवार! बल्गेरिया-सर्बियात नुसतं पेतका. शुक्रवारी बाजार भरायचा म्हणून ती व्यापाऱ्यांची पण संत झाली, नोव्हगोरोदला बाजारपेठेतच १२०७ सालचं तिचं चर्च उभं आहे. आणि बायकांनी शुक्रवारी सूत कातायचं नाही, कातलं तर ती कोपते, असा समज इतका पसरला की १५५१ मध्ये मॉस्कोच्या धर्मसभेने त्यावर तक्रार नोंदवली. म्हणजे एका वाराची चक्क देवी झाली आणि तिने बायकांना आठवड्याची सुट्टी मिळवून दिली, धर्मसभेला आवडो न आवडो.

एक घोळ मात्र बरेच जण करतात. रोमानियात याश शहरात १४ ऑक्टोबरला हजारो लोक तासन्तास रांगेत उभे राहतात ते दुसऱ्याच पारास्केवाच्या दर्शनाला. ही अकराव्या शतकातली, थ्रेसमधल्या एपिव्हातेस गावची. तिच्या अस्थींनी जेवढा प्रवास केला तेवढा जिवंत माणूस करत नाही, तर्नोवो, बेलग्रेड, मग १५२१ मध्ये बेलग्रेड जिंकल्यावर ऑटोमन सुलतान सुलेमानने कॉन्स्टँटिनोपलला, म्हणजे आजच्या इस्तंबूलला आणल्या, आणि १६४१ मध्ये मोल्डाविआचा राजा वासिले लुपूने याशला नेल्या.

रशियन बोलण्यात परास्केवाचं झालं प्रास्कोव्या, लाडाने पाराशा. यातली एक प्रास्कोव्या विसरता येत नाही. १७६८ मध्ये जन्मलेली, शेरेमेत्येव घराण्याची भूदास, म्हणजे मालकाच्या मालकीची. आवाज असा की मालकाच्या घरच्या थिएटरात ती ऑपेराची स्टार झाली, स्टेजवरचं नाव झेमचुगोवा, मोत्यावरून ठेवलेलं, गाणं ऐकून राणी कॅथरीनने स्वतः तिला अंगठी दिली. मालक काउंट निकोलाय तिच्या प्रेमात पडला, १७९८ मध्ये तिला मोकळं केलं, १८०१ मध्ये गुपचूप लग्न केलं. १८०३ मध्ये मुलगा झाला आणि काही आठवड्यांत ती गेली. मॉस्कोत त्याने तिच्या आठवणीत गरिबांसाठी हॉस्पिटल आणि आश्रम बांधला. मालकाचं दान म्हणून सगळे कौतुक करतात, पण ती ३० वर्षं त्याच्या घराण्याची मालमत्ता होती हे पण त्याच वाक्यात म्हटलं पाहिजे.

परत ग्रीसला येऊ. तिथे आजी-आजोबांची नावं नातवंडांना द्यायची पद्धत आहे, त्यामुळे आजी पारास्केवी, मग नात पारास्केवी, अशी उडी मारत नाव पुढे जातं, वार कुठला का असेना. नातीला ते जुनाट वाटतं, मग त्याची तोडफोड. आधीच्या पिढीत पारास्केवूला या लाडाच्या नावाची शेपटी धरून व्हूला झालं, पातुलिदूला सगळा देश व्हूलाच म्हणतो. आता एव्ही, व्हिव्ही. पुरुषांचं पण होतं, पारास्केवास.

आणि हो, इंग्रजीत १३ तारखेच्या शुक्रवारच्या भीतीला जे लांबलचक नाव आहे ना, पारास्केविडेकाट्रायाफोबिया, त्याच्या सुरुवातीला हीच बसलीय. ग्रीक माणूस मात्र घाबरतो ते १३ तारखेच्या मंगळवारला, ग्रीकांचं कॉन्स्टँटिनोपल तुर्कांच्या हाती पडलं तो २९ मे १४५३ मंगळवारच होता.

नावाचा सण, म्हणजे नेमडे, २६ जुलैला. वाढदिवसापेक्षा ग्रीक लोकांना याचं कौतुक जास्त. तर ओळखीत कुणी एव्ही असेल तर त्या दिवशी "ख्रोनिया पोला" म्हणून मेसेज टाका, पण आधी पूर्ण नाव विचारून घ्या, कारण एव्ही ही एव्हान्गेलिया पण असू शकते आणि तिचा दिवस २५ मार्चलाच होऊन गेलेला असेल.