गप्प झालेली मुलगी आणि तिच्या आजीचं पुस्तक

नमस्कार मंडळी. आज काओ कालिया यांग या लेखिकेबद्दल बोलायचंय, आणि मनापासून बोलायचंय, कारण आपल्याकडे तिचं नाव फारसं कुणी घेत नाही.

ती ह्मोंग आहे. ह्मोंग म्हणजे लाओसच्या डोंगरांत राहणारे लोक. व्हिएतनाम युद्धाच्या काळात सीआयए या अमेरिकन गुप्तहेर संस्थेने त्यांच्या पोरांच्या हातात बंदुका दिल्या, स्वतःची लढाई गुपचूप त्यांच्याकडून लढवून घेतली, आणि १९७५ ला अमेरिकन निघून गेले तेव्हा मागे राहिलेल्यांवर सूड उगवला गेला. यांग कुटुंब जंगलात लपत राहिलं, मग मेकाँग नदी ओलांडून थायलंडला पोचलं, आणि तिथल्या बान विनाई छावणीत १९८० साली कालिया जन्मली. अमेरिकेत, मिनेसोटातल्या सेंट पॉलला ते आले १९८७ मध्ये.

तिथला एक प्रसंग तिनेच सांगितलाय. आईसोबत ती दुकानात गेली, विजेचा बल्ब हवा होता, आईला इंग्रजीत तो शब्द येईना, आई बिचारी जग उजळवणारी ती वस्तू असं काहीतरी सांगत राहिली आणि दुकानातली बाई सरळ निघून गेली. त्या लहान मुलीने मनात ठरवलं, माझ्या आईबापाचं जगाला ऐकायचं नाही ना, मग माझंही ऐकायची गरज नाही. तिचं इंग्रजी बोलणंच थांबलं, वर्षानुवर्षं. घरी ह्मोंगमध्ये सगळं चालायचं, शाळेत मात्र गप्प. मग ती लिहायला लागली.

आईवडील कारखान्यात राबायचे, रात्रपाळ्या करायचे, आणि मोठी बहीण आणि ती धाकट्या भावंडांना सांभाळायच्या. मला तिचं हेच लिखाण सगळ्यात जास्त भावतं. निर्वासितांच्या गोष्टी बऱ्याचदा नदी पार केली की संपतात, हिची तिथून पुढे खूप चालते, भाडं, पाळ्या, दुसऱ्यांच्या भाषेत फॉर्म भरणं, म्हाताऱ्या माणसांचं परक्या थंडीत जगणं.

आजी शामान होती, म्हणजे आत्म्यांशी बोलून आजार बरे करणारी, आणि जडीबुटीही जाणणारी. ती २००३ मध्ये गेली, आणि तिच्या आठवणी धरून ठेवता ठेवता ‘द लेटहोमकमर’ हे पुस्तक झालं, २००८ मध्ये आलं.

वडील बी यांग गाणी रचून गाणारे. आपल्याकडे बाया जात्यावर ओव्या जुळवायच्या ना, तसं ऐनवेळी शब्द जुळवून गायचं. त्यांनी कॅसेटसुद्धा काढली होती, पण त्यांची आई, म्हणजे हीच आजी, गेली आणि त्यांचं गाणं थांबलं. मग मुलीने त्यांच्यावर ‘द साँग पोएट’ लिहिलं, २०१६ मध्ये, आणि २०२३ मध्ये मिनेसोटा ऑपेराने त्याचा ऑपेरा केला. कारखान्यात आयुष्य घालवलेल्या माणसाची गोष्ट मोठ्या रंगमंचावर गायली गेली, मला तर हे फार मोठं वाटतं.

वाचायचं असेल तर आधी आजीचंच घ्या, वडिलांचं नंतर. आजी कोण होती हे माहीत असलं ना, की त्यांचं गाणं का थांबलं ते आपोआप कळतं.