मोरिकोने: अरेंजरच्या टेबलावरून

मंडळी, जाहीर विषय आहे ‘द मिशन’ या चित्रपटातल्या तीन सुरावटींचा. त्याकडे येतोच. पण त्याचा इटालियन संगीतकार एन्नियो मोरिकोनेचं नाव निघालं की समोरून कुणीतरी शीळ घालतंच आणि गाडी वेस्टर्नपटांवर अडकते. या माणसानं चारशेहून अधिक चित्रपट आणि मालिकांना संगीत दिलं, त्यात वेस्टर्न एक दशांशही नाहीत. मला त्याच्यातला अरेंजर, म्हणजे गाण्याचा वाद्यमेळ बांधणारा, तुमच्यापुढे मांडायचाय.

जन्म रोमचा, १९२८ चा. वडील ट्रम्पेट वाजवायचे, हाही तेच शिकला. पुढे सांता चेचिलिया संगीतविद्यालयात गोफ्रेदो पेत्रासींच्या हाताखाली काउंटरपॉइंट, म्हणजे एकाच वेळी अनेक सुरावटी चालवण्याचं तंत्र, घोटून १९५४ साली रचनेची पदविका घेतली. आणि पोटापाण्याला काय, तर तीन-तीन मिनिटांच्या गाण्यांचं संयोजन! आरसीए या रेकॉर्ड कंपनीसाठी १९६० साली त्यानं गायक जानी मेक्कियाचं ‘इल बारात्तोलो’ बांधलं. गाणं रस्त्यावर गडगडणाऱ्या डब्याचं, म्हणून यानं खरा पत्र्याचा डबा गडगडवून तो आवाज गाण्यात घेतला. १९६६ चं, मीना या इटालियन गायिकेनं गायलेलं ‘से तेलेफोनांदो’ तर घरी गेल्यावर ऐकाच. मुख्य सुरावट अवघ्या तीन सुरांची. पण ताल चारचा, त्यामुळे जोर दर फेरीला वेगळ्या सुरावर पडतो. तेच तीन सूर, आणि कान कंटाळत नाही.

आता शिळेचं सांगतो. १९६२ मध्ये त्यानं पीटर टेव्हिस या गायकासाठी वुडी गथ्रीचं एक अमेरिकन गाणं संयोजित केलं होतं. मागे चाबूक, घंटा, हातोडा. दिग्दर्शक सेर्जो लेओने म्हणजे याचा प्राथमिक शाळेतला वर्गसोबती. त्यानं ते ऐकलं आणि ‘अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स’ या आपल्या वेस्टर्नपटासाठी तीच पार्श्वभूमी मागितली. गायकाचा आवाज काढला, त्या जागी आलेस्सांद्रो आलेस्सांद्रोनीची शीळ आली. गिटारही त्याचीच. १९६४ साली चित्रपट लागला तेव्हा श्रेयनामावलीत मोरिकोनेचं टोपणनाव होतं ‘डॅन सॅव्हिओ’. जगभर गाजलेली ती धून मुळात साथसंगत होती, हे कुणी लक्षातच घेत नाही, आणि याचंच मला वाईट वाटतं.

आपल्याकडे सेबॅस्टियन डिसूझा, अँथनी गोन्साल्विस या गोव्याच्या मंडळींनी हिंदी गाण्यांचे वाद्यमेळ लिहिले. चाल एकाची, स्वरलेखन दुसऱ्याचं. हॉलिवूडमध्येही ऑर्केस्ट्रेटर वेगळा असतो. मोरिकोनेला ते मान्यच नव्हतं. कुठलं वाद्य कुठे शिरणार, हे तो पियानोवर न बसता थेट कागदावर उतरवायचा. त्याच्या लेखी चाल आणि वाद्य एकदमच सुचायला हवं.

वेळ संपत आलीय, तेव्हा ‘द मिशन’ भराभर घेतो. चित्रपट १९८६ चा, काळ १७५० च्या आसपासचा, दक्षिण अमेरिकेतला. मोरिकोनेवर तीन बंधनं. पडद्यावर पाद्री ओबो वाजवतो, म्हणून एक सुरावट ओबोची, त्या काळच्या हरकती-मुरक्यांसकट. मिशन चर्चचं, म्हणून दुसरी सोळाव्या शतकातला चर्च-संगीतकार पालेस्त्रीनाच्या वळणाची समूहगानाची. तिसरी स्थानिक लोकांची, तालावर उभी. आधी दोन-दोनच्या जोड्या लावल्या, शेवटी तिन्ही एकत्र. एरवी अशा वेळी सगळं एकाच पट्ट्यात येऊन गोंगाट होतो. इथे ओबो वर, समूह मध्ये, तालवाद्यं खाली. आणि ओबोचा सूर लांब ठरला की तेवढ्यात समूहाचे शब्द पुढे सरकतात.

या कामाला ऑस्कर मिळालं नाही. ते ‘राउंड मिडनाइट’ला गेलं, ज्यात बरंच जॅझ आधीपासूनचं होतं. मोरिकोनेनं ही खंत उघड बोलून दाखवली, आणि ती रास्त होती. पुढे २००७ मध्ये सन्मानाचं ऑस्कर, २०१६ मध्ये ‘द हेटफुल एट’साठी स्पर्धेतलं.

आता ‘द मिशन’मधलं, तिन्ही सुरावटी एकत्र येणारं ‘ऑन अर्थ अ‍ॅज इट इज इन हेवन’ लावतो. पहिल्यांदा फक्त ओबो धरा, दुसऱ्यांदा लावू तेव्हा फक्त ताल.