दहा दिवस, तेही दोनदा

(दृश्य: नागपुरातली सकाळची इतवारी. शटर वर जाताहेत, पोती उतरताहेत.)

इतवारीतला ठोक किराणा असो की गांधीबागेतलं कापड, इथला बराच धंदा बँकेच्या कॅश क्रेडिटवर, म्हणजे लागेल तसं उचलायच्या कर्जावर, उभा असतो. मंदी येते, व्याज थकतं, खातं एनपीए, म्हणजे थकीत, ठरतं. मग एके दिवशी कोर्टाचा बेलिफ समन्स घेऊन येतो. घरातलं कुणीतरी सही करून ते घेतं आणि दुकानदार म्हणतो, "बँकेशी बोलणं सुरू आहे नं, तारीख येईन तवा पाहू."

अशा घरांसाठीच हे सांगायचं आहे. समन्स कशाखाली काढलंय, ते त्याच दिवशी वाचा. त्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ चा उल्लेख असेल, तर तारखेची वाट पाहायला वेळच नसतो.

(दृश्य: सिव्हिल लाइन्स, जिल्हा न्यायालयाचं आवार.)

२० लाख किंवा त्याहून जास्त येणं असेल तर बँक कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे जाते. २०१८ पर्यंत ही मर्यादा १० लाख होती. २० लाखांखालच्या रकमेसाठी दिवाणी न्यायालय आहे, आणि तिथे बँकेच्या हाती वचनचिठ्ठी, लेखी करार किंवा हमीपत्र असेल तर तिला आदेश ३७ खाली समरी सूट, म्हणजे झटपट निकालाचा दावा, लावता येतो.

नेहमीच्या दाव्यात लेखी कैफियत, म्हणजे आपलं लेखी उत्तर, देणं हा प्रतिवादीचा हक्क असतो. इथे आधी बचाव करायचीच परवानगी मागावी लागते: लीव्ह टू डिफेंड. समन्स मिळाल्यापासून दहा दिवसांत कोर्टात हजेरी नोंदवायची, आपला पत्ता द्यायचा आणि बँकेच्या वकिलाला तसं कळवायचं. हे राहिलं, तर दाव्यातलं सगळं तुम्ही कबूल केलं असं धरलं जातं आणि हुकूमनामा, म्हणजे बँकेच्या बाजूनं निकाल, होतो. हजेरी लागली की बँक दुसरं समन्स बजावते, निकालासाठीचं. तिथून पुन्हा दहा दिवस, आणि त्यात परवानगीचा अर्ज प्रतिज्ञापत्रासह द्यायचा. सबळ कारण असेल तर उशीर माफ होतो, पण त्या भरवशावर राहू नये.

सगळा जीव या प्रतिज्ञापत्रात आहे. "रक्कम मान्य नाही" एवढ्यानं काहीच होत नाही. कोणत्या तारखेचा भरणा खात्यात जमा दिसत नाही, मंजुरीपत्रात व्याजदर किती होता आणि लावला किती, गहाण माल विकून आलेले पैसे कुठे वळते केले, दावा लावण्याची तीन वर्षांची मुदत उलटून गेली का, हे आकड्यांनिशी आणि पावत्या जोडून मांडावं लागतं. मुदतीचं बोलण्याआधी मात्र एक आठवून पाहा: बाकी मान्य असल्याच्या पत्रावर मध्येच सही केली होती का? मुदत संपण्याआधी ती दिली असेल, तर सहीच्या दिवसापासून नवी मुदत सुरू होते.

सर्वोच्च न्यायालयानं २०१६ साली आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाउन या खटल्यात न्यायाधीशांसाठी पायऱ्या घालून दिल्या. बचाव भक्कम असेल तर विनाअट परवानगी. मुद्दा तपासण्याजोगा असला, पण खरेपणाविषयी शंका असली, तर पैसे भरण्याची किंवा तारण देण्याची अट येऊ शकते. बचाव निव्वळ पोकळ असेल तर नकार. २०२२ मध्ये त्याच न्यायालयानं स्पष्ट केलं की परवानगी देणं हा नियम आहे आणि नाकारणं हा अपवाद. मात्र रकमेचा काही भाग तुम्हालाच मान्य असेल, तर तेवढे पैसे कोर्टात भरल्याशिवाय परवानगी मिळत नाही.

हुकूमनामा झाल्यावर तो रद्द करून घेण्याची वाट आहे, पण अरुंद. वेळेत का आलो नाही याची विशेष परिस्थिती दाखवायची, आणि परवानगी मिळण्याजोगा बचावही त्याच अर्जात मांडायचा.

(दृश्य: हमीपत्राचा कागद, खाली जामीनदारांच्या सह्या.)

सर्वांत जास्त काळजी वाटते ती जामीनदारांची. करारात वेगळं ठरलं नसेल तर कायद्यानं त्यांची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते. बँक आधी कर्जदाराकडे जाईल, मग आपल्याकडे, असा भ्रम नको. दुकान नवऱ्याचं आणि जामीनदार बायको, असं पुष्कळ घरांत असतं. दाव्यात तिचं नाव वेगळं, तिचं समन्स वेगळं आणि तिचे दहा दिवसही वेगळे मोजले जातात. वकील परवडत नसेल, तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे तिला मोफत वकील मागता येतो. स्त्रियांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.