'इंगागी': बनावट अरण्याचा चित्रपट

श्रोतेहो, नमस्कार.

सन १९३० मध्ये अमेरिकेतील चित्रपटगृहांत 'इंगागी' झळकला. सर ह्युबर्ट विन्स्टेड या इंग्रज शोधकाने काँगोच्या अरण्यात काढलेल्या मोहिमेचे हे अस्सल चित्रण आहे, असे निर्माती संस्था काँगो पिक्चर्स सांगत होती, आणि तिथल्या स्त्रिया गोरिलाला अर्पण केल्या जातात या भडक आमिषावर तिकिटे खपत होती. प्रत्यक्षात असे कोणी सर ह्युबर्ट नव्हतेच. आफ्रिकेची खरी दृश्ये १९१५ सालच्या एका शिकारपटातून उचललेली होती, उरलेले जंगल लॉस एंजेलिस परिसरात उभे केले होते, पिग्मी, म्हणजे मध्य आफ्रिकेच्या अरण्यातील बुटक्या बांध्याचे लोक, म्हणून दाखवलेली माणसे त्याच शहरातील कृष्णवर्णीय मुले होती, आणि नव्याने सापडलेला विषारी प्राणी म्हणून मिरवलेले जनावर म्हणजे पंख आणि खवले चिकटवलेले कासव होते.

एक्स्प्लॉइटेशन, म्हणजे भडक विषयांवर गल्ला भरणाऱ्या, चित्रपटांची रीतच ही. माहितीपट म्हटले की नग्नता ज्ञानाच्या नावाखाली दाखवता येई, आणि ती आफ्रिकी स्त्रीची आहे असे सांगितले की गोऱ्या प्रेक्षकाचा संकोचही गळून पडे.

कल्पनेतले जंगल रंगवण्यात गैर काही नाही. मुंबईत वाडिया मूव्हीटोनने १९३७ मध्ये 'तूफानी टारझन' काढला; त्यातील वनवासींचे चित्रण आज खटकते, परंतु तो सत्यकथा म्हणून विकला गेला नव्हता. 'इंगागी'ने मात्र जिवंत माणसांविषयी खोटी साक्ष दिली. व्यापारातील फसवणुकीला आळा घालणाऱ्या अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशन या सरकारी संस्थेने १९३३ मध्ये त्याच्या खरेपणाचे दावे करण्यास मनाई केली, पण तोवर पैसा वसूल झाला होता.

गोरिलाच्या पोशाखात होता चार्ल्स जेमोरा. फिलिपिन्समध्ये जन्मलेला हा शिल्पकार-रंगभूषाकार असे पोशाख स्वतः घडवत असे, आणि आपणच ती भूमिका केल्याचे त्याने पुढे शपथेवर सांगितले. मला या साऱ्या प्रकरणात आदर वाटतो तो त्याच्या कसबाचा.

कल्ट सिनेमाचे, म्हणजे मोजक्या पण कट्टर चाहत्यांनी जपलेल्या चित्रपटांचे, रसिक असे चित्रपट बहुधा हसण्यासाठी पाहतात. मला ते अपुरे वाटते. दीर्घकाळ दुर्मिळ असलेला 'इंगागी' २०२१ मध्ये घरी पाहण्यासाठी डिस्कच्या रूपात उपलब्ध झाला, हे उत्तमच झाले. कारण जुनी आफ्रिकी दृश्ये कुठे संपतात आणि लॉस एंजेलिस कुठे सुरू होते, तो सांधा आता चित्रपट थांबवून, मागे नेऊन, आपल्याला स्वतः शोधता येतो.