सकाळची परीक्षानळी

मुलांमधला नेफ्रॉटिक सिंड्रोम, म्हणजे मूत्रपिंडातून लघवीत प्रथिन गळण्याचा आजार, त्याची ओळख आणि उपचार, असा विषय मला दिलाय. गणपती तोंडावर आलेत, घराघरात चाकरमानी यायची गडबड आहे, तरी या पावसात वेंगुर्ल्यातली इतकी माणसं आलीत. मी सुरुवात एका आजीपासून करतो.

नातू चार वर्षांचा. सकाळी पापण्या सुजायच्या, दुपारी उतरायच्या. कुणी म्हणालं किडा चावला, कुणी डोळ्यांत थेंब घातले. पंधरा दिवसांत पोट वाढलं, वजन वाढलं. शेजारणी म्हणाल्या, काय बाळसं धरलंय! माझ्याकडे आणला तेव्हा चड्डीचं इलॅस्टिक कमरेत रुतलं होतं आणि लघवीला फेस येत होता.

गोळ्या सुरू केल्या. दोन आठवड्यांत सूज गेली, पण चेहरा गोल झाला, भूक वाढली. मग वाडीत चर्चा सुरू झाली, एवढ्याशा पोराला स्टेरॉइड? सगळे मायेनंच बोलत होते. गोळ्या एका रात्रीत बंद झाल्या. तीन आठवड्यांनी पोर तापानं आणि पोटदुखीनं कळवळत आलं. पोटात पुन्हा साचलेल्या पाण्यात जंतू शिरले होते. वाचला तो. पण गोळी कशासाठी आणि किती दिवस, हे मी त्या घराला दोन मिनिटांत सांगून मोकळा झालो होतो. त्याचं मला आजही वाईट वाटतं.

दुसऱ्या वेळी मी आजीला परीक्षानळी दिली. पहाटेची पहिली लघवी नळीत घ्यायची, वरचा भाग मेणबत्तीवर तापवायचा. पांढरं झालं तर दोन-तीन थेंब व्हिनेगर टाकायचं. तरीही पांढरं राहिलं तर ते प्रथिन. अंड्याचा पांढरा बलक तव्यावर गोठतो, तसंच हे. लंडनच्या गायज हॉस्पिटलमधले रिचर्ड ब्राइट चमच्यात लघवी घेऊन अशीच मेणबत्तीवर धरत. मूत्रपिंडाच्या आजाराबद्दलची त्यांची निरीक्षणं १८२७ साली छापली गेली. आजीला ब्राइट ठाऊक नव्हते. ती रोज कॅलेंडरच्या चौकोनात खूण करायची आणि फोनवर सांगायची, "डॉक्टरांनू, आज निवळ आसा." एका सकाळी म्हणाली, "वायंच गढूळ आसा." पोराला आदल्या दिवशी सर्दी झाली होती. पापणी सुजायच्या आधी आजार आमच्या हाती लागला.

चिठ्ठी आलीय, दहाच मिनिटं उरलीत. उपचारांचं आता भराभर सांगतो.

सोलकढीसाठी नारळाचा रस फडक्यातून गाळता ना? फडक्याची वीण सैल झाली की चोथाही उतरतो. मूत्रपिंडाच्या गाळणीचं तसंच होतं आणि रक्तातलं अल्ब्युमिन नावाचं प्रथिन लघवीवाटे जातं. रक्तात पाणी धरून ठेवायचं काम अल्ब्युमिनचं. ते घटलं की पाणी बाहेर झिरपतं, तीच सूज. आजार बहुधा दोन ते सहा वर्षांच्या वयात सुरू होतो, मुलग्यांत जास्त. बहुतेक मुलांना प्रेडनिसोलोन हे स्टेरॉइड लागू पडतं, आणि त्यांची मूत्रपिंडं सहसा निकामी होत नाहीत.

पहिल्या वेळी सहा आठवडे रोज, किलोमागे २ मिलिग्रॅम, दिवसाला ६० च्या वर नाही. पुढचे सहा आठवडे दिवसाआड, किलोमागे १.५. सूज गेली म्हणून गोळी थांबवायची नाही. बाहेरून स्टेरॉइड मिळत असताना शरीर स्वतःचं बनवणं कमी करतं, अचानक तोडलं तर मूल कोसळू शकतं. आजार पुष्कळ मुलांत उलटतो. सलग तीन दिवस तपासणीत तीन किंवा चार प्लस, म्हणजे लघवीत भरपूर प्रथिन, आलं की उलटला म्हणायचं. वारंवार उलटला तर लेव्हामिसोल, मायकोफेनोलेट अशी औषधं आहेत. स्टेरॉइडनं उतरलाच नाही तर मूत्रपिंडतज्ज्ञाकडे जायचं, बायोप्सी, म्हणजे मूत्रपिंडाचा बारीक तुकडा काढून तपासणं, लागते.

सूज असताना मीठ कमी. म्हणजे सुकट, खारा बांगडा, लोणचं, पापड, तळलेले गरे बंद. ताजी मासळी, डाळ, अंडं चालतं. न्यूमोकोकस या न्यूमोनियाच्या जंतूविरुद्धची लस द्या. जास्त मात्रेचं स्टेरॉइड चालू असताना जिवंत लसी, म्हणजे कमजोर केलेल्या जिवंत जंतूंच्या लसी, मात्र थांबवा. ताप, पोटदुखी किंवा एकाच पायाला सूज आली तर त्याच दिवशी दवाखाना गाठा.

वेळ संपली. परीक्षानळ्या, मेणबत्ती आणि व्हिनेगर मी खाली टेबलावर मांडलंय. ज्यांच्या घरी असं मूल आहे त्यांनी थांबा, प्रत्येकाकडून एकदा करून घेतो.