एकेचाळिसाव्या वर्षीचे रौप्य : स्की जंपर नोरिआकी कासाई

श्रोतेहो, नमस्कार.

१५ फेब्रुवारी २०१४ रोजी रशियातील सोची येथे हिवाळी ऑलिंपिकमधील स्की जंपिंगची मोठ्या टेकडीवरची वैयक्तिक स्पर्धा झाली. तीत कांस्यपदक मिळवणारा स्लोव्हेनियाचा पीटर प्रेव्ह्त्स १९९२च्या सप्टेंबरमध्ये जन्मलेला होता. रौप्यपदक मिळवणारे जपानचे नोरिआकी कासाई त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत, म्हणजे प्रेव्ह्त्सच्या जन्माच्या सात महिने आधी, फ्रान्समधील आल्बेर्व्हिल येथे आपले पहिले ऑलिंपिक खेळून परतले होते. आजच्या भाषणात मला या कासाईंविषयीच बोलायचे आहे.

आपल्याकडे हा खेळ फारसा पाहिला जात नाही, म्हणून आधी त्याविषयी थोडे सांगतो. खेळाडू पायांना स्की, म्हणजे लांब, अरुंद पट्ट्या, बांधून उंचावरच्या घसरणीवरून, अंग दुमडून, ताशी सुमारे ९० किलोमीटर वेगाने खाली येतो. घसरण जिथे संपते तिथे, डोळ्याचे पाते लवते न लवते तोच, त्याला पाय ताणून पुढे झेपावायचे असते. ही वेळ किंचित चुकली तरी पुढची सगळी उडी फसते. त्यानंतर मोठ्या टेकडीवर १२०–१४० मीटरपर्यंत तो हवेवर अक्षरशः आडवा पडून तरंगतो आणि उतरताना एक पाय पुढे, एक मागे ठेवून, गुडघे वाकवून, हात पसरून तोल सावरतो. या उतरण्याला टेलिमार्क म्हणतात. गुण केवळ अंतराला मिळत नाहीत. पाच पंच उड्डाणाच्या आणि उतरण्याच्या शैलीला गुण देतात, त्यांपैकी सर्वांत जास्त आणि सर्वांत कमी गुण वगळले जातात, आणि अलीकडच्या नियमांनुसार वाऱ्याचा फायदा-तोटाही हिशेबात धरला जातो. सोचीत कासाईंच्या दोन उड्या १३९ आणि १३३.५ मीटरच्या होत्या. विजेत्या पोलंडच्या कामिल स्तोखच्या १३९ आणि १३२.५ मीटरच्या. अंतरात कासाई एक मीटर पुढे होते, तरी सुवर्णपदक १.३ गुणांनी हुकले.

कासाईंचा जन्म ६ जून १९७२ रोजी होक्काइदो बेटाच्या उत्तर भागातील शिमोकावा या लहानशा गावी झाला. गाव बर्फाचे आणि तिथे मुलांना सरावासाठी उडीची टेकडी, त्यामुळे या एवढ्याशा वस्तीने जपानला अनेक ऑलिंपिक खेळाडू दिले. कासाईंहून वयाने थोडे मोठे असलेले ताकानोबू ओकाबे हेही तिथलेच. घरची परिस्थिती हलाखीची होती. तरी वयाच्या सोळाव्या वर्षी, १९८८–८९च्या हंगामात, कासाई साप्पोरो येथे विश्वचषक मालिकेत, म्हणजे हंगामभर ठिकठिकाणी होणाऱ्या फेऱ्यांच्या स्पर्धेत, उतरले.

त्या वेळी उड्डाणात दोन्ही स्की एकमेकींना समांतर ठेवायची रीत होती. स्वीडनच्या यान बोक्लोव्हने स्कींची टोके फाकवून इंग्रजी ‘व्ही’ अक्षरासारखी रचना केली. तिच्यामुळे अंगाखाली हवेचा आधार वाढतो आणि उडी लांब जाते. पंच सुरुवातीला या शैलीचे गुण कापत असत, पण अंतराचा फायदाच इतका मोठा होता की काही वर्षांत सर्वांना ती स्वीकारावी लागली. समांतर स्कींवर घडलेले कित्येक नामांकित खेळाडू या बदलात मागे पडले. कासाईंनी लहानपणापासून अंगी भिनलेली हालचाल मोडून नवी शिकून घेतली आणि १९९२च्या मार्चमध्ये हाराखोव्ह येथे स्की फ्लाइंगचे, म्हणजे याच खेळाच्या सर्वांत मोठ्या टेकड्यांवरील प्रकाराचे, जागतिक अजिंक्यपद मिळवले. पुढे त्यांनी ही शैली इतकी टोकाला नेली की हवेत त्यांचे डोके दोन स्कींच्या मधोमध, जवळपास त्यांच्या पातळीवर आलेले दिसे आणि हात पंखांसारखे बाजूला पसरलेले असत.

१९९४ साली नॉर्वेतील लिलेहामर ऑलिंपिकमध्ये सांघिक स्पर्धेत शेवटची उडी बाकी असताना जपान बराच पुढे होता. ती उडी मासाहिको हारादा यांची होती, ती ९७.५ मीटरवरच संपली आणि सुवर्ण जर्मनीकडे गेले. कासाई त्या संघात होते. त्यांच्या वाट्याला रौप्य आले.

यानंतर १९९८चे नागानो ऑलिंपिक, म्हणजे घरच्या मैदानावरची स्पर्धा. त्याच्या आदल्याच वर्षी घराला लागलेल्या आगीत होरपळून कासाईंच्या आईचे निधन झाले होते. धाकटी बहीण रक्ताच्या गंभीर आजाराशी झगडत होती. ऐन स्पर्धेच्या तोंडावर त्यांना दुखापत झाली आणि सांघिक स्पर्धेसाठी त्यांची निवड झाली नाही. १७ फेब्रुवारीला, या ऑलिंपिकची सांघिक स्पर्धा झाली त्या हाकुबाच्या टेकडीवर, धो धो बर्फ पडत असताना हारादांची पहिली उडी पुन्हा फसली, ७९.५ मीटर, आणि दुसरी १३७ मीटरची झाली. ओकाबे, हिरोया साइतो, हारादा आणि काझुयोशी फुनाकी यांनी सुवर्ण जिंकले. सारा जपान आनंदात बुडालेला असताना कासाई प्रेक्षक होते. ही सल त्यांनी पुढे मुलाखतींतून कधी लपवली नाही, आणि मला त्यांचा हा प्रामाणिकपणा फार मोलाचा वाटतो, कारण सहकाऱ्यांच्या विजयाचा आपल्याला त्रास झाला हे कबूल करणे कोणत्याही खेळाडूला सोपे नसते.

इथून पुढची सोळा वर्षे ही माझ्या दृष्टीने त्यांच्या कारकिर्दीचा खरा गाभा आहे. जपानमध्ये असे खेळाडू बहुधा एखाद्या कंपनीच्या संघात नोकरीला असतात. मंदीच्या काळात कासाईंना असे संघ बदलावे लागले आणि २००१पासून ते त्सुचिया होम या घरबांधणी कंपनीच्या संघात आले. स्कींची लांबी, पोशाखाचे कापड, खेळाडूचे वजन यांविषयीचे नियम वारंवार बदलत राहिले आणि प्रत्येक बदलाबरोबर शरीराला नव्याने सवय लावून घ्यावी लागली. २००३च्या जागतिक स्पर्धेत त्यांनी एक सांघिक रौप्य आणि दोन वैयक्तिक कांस्यपदके मिळवली. २००४च्या फेब्रुवारीत पार्क सिटीला विश्वचषकाची एक फेरी जिंकल्यानंतर मात्र पुढचा विजय तब्बल दहा वर्षे आला नाही. तो आला ११ जानेवारी २०१४ रोजी, ऑस्ट्रियातील बाड मिटर्नडॉर्फच्या कुल्म टेकडीवर. त्या दिवशी एकेचाळीस वर्षांचे कासाई विश्वचषकाची फेरी जिंकणारे सर्वांत वयस्क खेळाडू ठरले. आधीचा विक्रम अडतिसाव्या वर्षी जिंकलेल्या ओकाबेंचा, म्हणजे शिमोकावाच्याच माणसाचा होता. त्याच नोव्हेंबरात फिनलंडमधील रुका येथे सिमॉन अमानबरोबर विजय वाटून घेऊन कासाईंनी हा विक्रम आणखी पुढे नेला.

सोचीतील वैयक्तिक रौप्यपदकाच्या वेळी ते हसत होते. दोन दिवसांनी सांघिक कांस्य मिळाले तेव्हा त्यांना रडू आवरले नाही. सोबतच्या तिघांपैकी दाइकी इतो गुडघ्याच्या दुखण्यासह उड्या मारत होता आणि ताकू ताकेउची गंभीर आजारातून उठून संघात आला होता. या मुलांच्या गळ्यात पदक पडावे ही आपली इच्छा होती, असे कासाईंनी तेव्हा सांगितले. नागानोच्या वेळी संघाबाहेर राहिलेल्या माणसाच्या तोंडून हे ऐकताना मला कोणत्याही सुवर्णपदकापेक्षा अधिक समाधान वाटते.

मार्च २०१६मध्ये प्लानिट्सा येथे त्यांनी विश्वचषकातील ५००वी वैयक्तिक स्पर्धा खेळली. त्याच वर्षाच्या सुरुवातीला त्यांची बहीण गेली होती. २०१८च्या प्याँगचांग ऑलिंपिकमध्ये ते उद्घाटनाला जपानचे ध्वजवाहक होते; ते त्यांचे आठवे हिवाळी ऑलिंपिक होते. खेळता खेळताच ते आपल्या कंपनीच्या संघाचे मार्गदर्शकही झाले होते आणि त्यांच्या हाताखाली तयार झालेल्या र्योयू कोबायाशीने २०१८–१९च्या हंगामाचा एकूण विश्वचषक जिंकला. या खेळात असे यश मिळवणारा तो पहिला जपानी पुरुष ठरला. २०२२ साली बीजिंगला त्याने वैयक्तिक सुवर्णही मिळवले. शिष्याने गुरूला न मिळालेले सारे मिळवले, तरी गुरूने स्की खाली ठेवल्या नाहीत. फेब्रुवारी २०२४मध्ये साप्पोरोला विश्वचषकाची फेरी झाली, तेव्हा ५१ वर्षांचे नोरिआकी कासाई पात्रता फेरी पार करून मुख्य स्पर्धेत उतरले होते.

नमस्कार.