आधी कागद, मग जबाब

नमस्कार श्रोतेहो.

सरकारी नोकराच्या हातात दोषारोपपत्राचा लखोटा पडला की त्याची पहिली धडपड असते ती ही गोष्ट लपवायची. बायकोला सांगत नाही, सोबतच्या टेबलावरल्या माणसाला सांगत नाही. आणि त्याच भीतीपोटी रातोरात लांबलचक माफीनामा लिहून मोकळा होतो. बचाव सहायक म्हणून, म्हणजे आरोप झालेल्या कर्मचाऱ्याची बाजू मांडायला मदत करणारा सोबती म्हणून, मी बरीच वर्षं अशा खात्याच्या चौकशांना बसलो. दरवेळी एकच सांगत आलो, बाबा रे, आधी कागद माग, मग जबाब दे.

माणदेशातल्या एका लिपिकाची हकिगत सांगतो. भांडारातल्या सिमेंटच्या गोण्या कमी भरल्या, ठपका याच्यावर आला. पहाटेची एसटी धरून तो साताऱ्याला यायचा, धुतलेला सदरा, कापडी पिशवीत कागद. एका साक्षीदारानं आधीच लिहून दिलेलं होतं की, गोण्या बाहेर जाताना मी स्वतः पाहिल्या. आम्ही त्या महिन्याचं मस्टर, म्हणजे हजेरीपट, मागितलं. त्याचा इथं संबंध नाही, असं उत्तर आलं. पुन्हा लेखी मागितलं, तेव्हा कुठं ते टेबलावर आलं. उलटतपासणीत ते साक्षीदारासमोर धरलं. त्या तारखेला त्याच्या नावापुढं रजा लावलेली होती! तो खाली बघत राहिला. नुसता जबाब वाचून निकाल दिला असता, तर हा लिपिक नोकरी गमावून घरी बसला असता.

अशी बाजू मांडू देणं ही काही कुणाची मेहेरबानी नव्हे. राज्य कर्मचाऱ्याला बडतर्फ करण्याआधी, सेवेतून काढण्याआधी किंवा खालच्या पदावर आणण्याआधी, आरोप कळवून बाजू मांडायची वाजवी संधी द्यावी, असं राज्यघटनेचं कलम 311 सांगतं. त्याला अपवाद आहेत, पण मोजकेच. ती संधी कशी द्यायची हे 1979 च्या महाराष्ट्र नागरी सेवा शिस्त व अपील नियमांत आहे. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांचे नियम वेगळे, 1964 चे.

चौकशी अधिकारी हा खात्याचा वकील नव्हे. खात्याची बाजू मांडायला सादरकर्ता अधिकारी असतो. कर्मचारी आला नाही, चौकशी एकतर्फी झाली, तरीसुद्धा आरोप पुराव्यानं शाबीत झाला का हे चौकशी अधिकाऱ्यानं तपासलंच पाहिजे, असं सर्वोच्च न्यायालयानं 2010 मध्ये बजावलं आहे. आणि चौकशी अहवालाची प्रत? ती शिक्षा ठरण्याआधी हातात पडली पाहिजे, म्हणजे त्यावर म्हणणं मांडता येतं. हे 1993 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं पक्कं केलं. तरी आजही प्रत मागावी लागते, याचा मला मनस्वी राग येतो.

निलंबित माणसाचं तर विचारू नका. पगाराऐवजी पोटापुरता मिळणारा निर्वाह भत्ता सुरुवातीला अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका, तोही वेळेवर मिळेल तर. कोलारच्या सोन्याच्या खाणीतल्या एका सुरक्षा अधिकाऱ्याला भत्ताच मिळाला नाही. केरळातून चौकशीला यायला पैसे नव्हते, त्यात आजारपण. चौकशी त्याच्या माघारी उरकली. 1999 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती चुकीची ठरवली. म्हणून भत्ता थकला की त्याच आठवड्यात लेखी अर्ज द्या, पोच घ्या.

एक गोष्ट चौकशी अधिकाऱ्यांनाही कळकळीनं सांगतो. आपणही कुणाचे तरी कनिष्ठ आहात. समोरच्याला बसायला खुर्ची द्या, त्याचं वाक्य पुरं होऊ द्या. गुन्हा केला असेल तर शिक्षा जरूर व्हावी, अपहार झाला तर पैसा जनतेचाच जातो. पण शिक्षा ऐकून घेतल्यावर.

त्या लिपिकानं पहिल्या सुनावणीला रोजनाम्यावर, म्हणजे त्या दिवसाच्या कामकाजाच्या नोंदीवर, न वाचताच सही ठोकली होती. शेवटच्या दिवशी त्यानं खिशातून चष्मा काढला. रोजनामा ओळीवर बोट ठेवून वाचला, तिसऱ्या ओळीतली चुकलेली तारीख दुरुस्त करून घेतली, आणि मग सही केली.

नमस्कार.